मुंबईच्या उकाड्यात न वितळणारी फळांची जेली : पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी

जेली पहिल्यांदा करणाऱ्यांच्या तक्रारी बहुतेक दोनच असतात. एक, रात्रभर फ्रिजमध्ये ठेवूनही तिचं पाणीच राहिलं. दोन, छान जमली होती, पण बाहेर काढल्यावर पाहुणे हात धुऊन येईपर्यंत ताटलीत पसरली. दोन्हीचं कारण सहसा पहिल्या पाच मिनिटांतच ठरलेलं असतं: घट्ट करायला तुम्ही काय घेतलं आणि त्यात कुठलं फळ घातलं. बाकी कृतीत कौशल्य असं फारसं नाही. म्हणून या लेखात कृतीच्या आधीच्या गोष्टींवर मी जास्त वेळ घेणार आहे. त्या वाचल्याशिवाय थेट कृतीकडे उडी मारू नका, कारण पुस्तकांतली आणि व्हिडिओंमधली बरीच प्रमाणं थंड हवेच्या गावांसाठी लिहिलेली असतात आणि आपल्याकडे मे महिन्यात स्वयंपाकघरात पंख्याखालीसुद्धा ३३-३४ अंश असतात.

१. आधी ठरवा: जिलेटिन की चायना ग्रास

जिलेटिन प्राण्यांच्या हाडांतून आणि कातड्यातून काढतात. ते एक प्रथिन आहे. थंडीत घट्ट होतं आणि साधारण ३० ते ३५ अंशांच्या दरम्यान वितळतं. तोंडात ठेवल्याबरोबर जेली विरघळते ती याच गुणामुळे, आणि मुंबईत ताटलीत विरघळते तीही याच गुणामुळे.

चायना ग्रास, म्हणजे अगर-अगर, समुद्री शेवाळापासून बनतं. पूर्ण शाकाहारी. ते विरघळायला पाणी खळखळ उकळावं लागतं, पण एकदा विरघळलं की ३२ ते ४० अंशांवर, म्हणजे फ्रिजबाहेरच, जमायला लागतं. आणि एकदा जमलं की जवळपास ८५ अंशांपर्यंत परत वितळत नाही. चव तीच राहते, मात्र तोंडातला अनुभव वेगळा असतो. जिलेटिनची जेली हलते, लवचिक असते, जिभेवर विरते. चायना ग्रासची जेली चावावी लागते, चमच्याने कापली की स्वच्छ तुटते.

शास्त्रज्ञांनाही हाच पेच पडला होता. १८८० च्या आसपास जर्मन जंतुशास्त्रज्ञ रॉबर्ट कॉख यांच्या प्रयोगशाळेत जंतू वाढवायला जिलेटिन वापरत. उबेला ठेवलं की ते वितळायचं, शिवाय काही जंतू ते खाऊन त्याचं पाणी करायचे. तिथे काम करणारे वाल्थर हेसे यांच्या पत्नी फॅनी हेसे स्वयंपाकात जेली आणि पुडिंगला अगर वापरत असत. त्यांनी ते सुचवलं आणि जगभरच्या प्रयोगशाळांत आजही अगरच वापरतात. ताजी पपई घातली की जिलेटिनच्या जेलीचं पाणी का होतं, याचं उत्तर याच गोष्टीत आहे; फळांच्या भागात त्याकडे येतेच.

माझा हिशोब असा. डिसेंबर ते फेब्रुवारी, घरातच खायचं असेल आणि खाणाऱ्यांना चालत असेल, तर जिलेटिन. मार्च ते जून, किंवा डबा बाहेर न्यायचा असेल, किंवा घरी कोण येणार ते नक्की नसेल, तर चायना ग्रास. पावसाळ्यात आणि ऑक्टोबर हीटमध्येही मी चायना ग्रासच घेते.

खाणाऱ्यांचा प्रश्न हलक्यात घेऊ नका. आपल्या इमारतींमध्ये एका मजल्यावर चार तऱ्हेची घरं असतात. जेली दिसायला निरागस असते, त्यामुळे कुणी विचारत नाही आणि शाकाहारी शेजारी नकळत खाऊन जातात. जिलेटिनच्या पाकिटावर ते कुठल्या प्राण्याचं आहे हे पुष्कळदा लिहिलेलं नसतं, त्यामुळे मांसाहारी पाहुण्यांपैकीही काहींना ते चालणार नाही. जिलेटिन वापरलं असेल तर वाटी हातात देण्याआधी सांगा. जैन शेजाऱ्यांना चायना ग्राससुद्धा चालतं का, हे आधी विचारून घ्या.

२. दुकानातून काय आणायचं

इथे पहिला सापळा आहे. वाण्याकडे ‘जिलेटिन द्या’ म्हटलं की तो बऱ्याचदा जेली क्रिस्टल्सचं रंगीत पाकीट पुढे करतो. त्यात साखर, रंग, वास आणि घट्ट करणारा पदार्थ सगळं आधीच असतं. ते वाईट नाही, पण ते घेऊन खालच्या कृती करायला गेलात तर सगळं बिघडेल. जेली क्रिस्टल्स आणले असतील तर पाकिटावरचीच कृती पाळा, फक्त त्यात फळं घाला. तिथे या लेखातला फळांचा भाग तेवढा कामाला येईल.

आपल्याला हवंय ते साधं, बिनवासाचं, बिनसाखरेचं खाण्याचं जिलेटिन. ते केकचं सामान विकणाऱ्या दुकानात मिळतं. क्रॉफर्ड मार्केटच्या आजूबाजूला अशी दुकानं आहेत, दादरलाही मिळतं, आणि ऑनलाइन तर मिळतंच. चायना ग्रास मोठ्या किराणा दुकानात, सुक्यामेव्याच्या दुकानात किंवा फालुद्याचं सामान ठेवणाऱ्याकडे मिळेल. ते दोन रूपांत असतं: पांढऱ्या, हलक्या, चुरचुरीत पट्ट्या आणि पूड. पहिल्यांदा करत असाल तर पूड घ्या, लवकर विरघळते. पट्ट्या स्वस्त पडतात आणि कुठेही मिळतात, पण त्यांना भिजवायला वेळ द्यावा लागतो.

पाकीट घेताना तीन गोष्टी बघा:

- चौकटीत हिरवा ठिपका आहे की तपकिरी त्रिकोण. जुन्या पाकिटांवर त्रिकोणाऐवजी तपकिरी ठिपका दिसेल.
- घटकांच्या यादीतले आकडे. ४०६ म्हणजे अगर, ४०७ म्हणजे कॅरेजिनन. कॅरेजिननही शेवाळातूनच येतं.
- पूड मोकळी आहे का. पाकीट हलवून बघा. आपल्या दमट हवेत उघडं राहिलेलं सामान गोळा होतं. गाठी हाताला लागल्या तर दुसरं मागा.

घरी आणल्यावर पाकीट कात्रीने कापून रबर लावून ठेवू नका, विशेषतः पावसाळ्यात. घट्ट झाकणाच्या बरणीत ओता.

३. भांडी आणि मापं

फार काही लागत नाही. एक जाड बुडाचं छोटं पातेलं, एक बारीक गाळणी, मिलीलीटरच्या खुणा असलेला मापाचा कप, लाकडी किंवा सिलिकॉनचा चमचा आणि झाकण असलेला स्टीलचा चपटा डबा किंवा काचेच्या वाट्या. ग्रॅम मोजणारा छोटा वजनकाटा असेल तर घ्याच. जिलेटिन आणि चायना ग्रास दोन्हींत दोन-तीन ग्रॅमने सगळा फरक पडतो आणि प्रत्येकाच्या घरचा ‘एक चमचा’ वेगळा असतो.

काटा नसेल तर जिलेटिनचा सपाट मोठा चमचा म्हणजे साधारण ९ ते १० ग्रॅम धरा. चायना ग्रासच्या पुडीचा सपाट चहाचा चमचा साधारण २ ग्रॅम, कंपनीप्रमाणे थोडं इकडेतिकडे. चमचा शिगोशीग भरायचा नाही, सुरीने वरचं सपाट करायचं.

फ्रिजमध्ये सपाट जागा आधीच रिकामी करून ठेवा. भरलेला डबा हातात घेऊन भाज्या हलवत बसलात तर एका बाजूला कलंडलेली जेली मिळेल. आणि झाकण हवंच. बोंबिलाची वाटी किंवा चिरलेला कांदा त्याच कप्प्यात असेल तर जेली तो वास ओढून घेते आणि मग काही केल्या जात नाही.

४. फळं: कुठली चालतात, कुठली घात करतात

सगळ्यात जास्त जेल्या इथे बिघडतात, म्हणून सावकाश वाचा.

ताजं अननस, पपई, किवी, अंजीर, पेरू आणि ताजं आलं यांत प्रथिनं तोडणारी विकरं, म्हणजे एन्झाइम्स, असतात. कच्च्या पपईचा तुकडा मटणाला लावून ठेवला की ते मऊ होतं, ते याच गुणामुळे. जिलेटिनही प्रथिनच. त्यामुळे ही फळं ताजी घातलीत तर जेली जमणार नाही. रात्रभर ठेवा, दोन दिवस ठेवा, जिलेटिन दुप्पट घाला, तरी नाही. जमलेल्या जेलीवर सजावटीला अननसाची चकती ठेवली तरी तिच्याभोवती हळूहळू पाणी सुटतं.

मार्ग दोन आहेत. फळाचे तुकडे थोड्या साखरपाण्यात पाच मिनिटं उकळून पूर्ण गार करून घाला. उष्णतेने विकरं निकामी होतात. डब्यातलं अननस चालतं ते याच कारणाने, ते आधीच तापवलेलं असतं. किंवा सरळ चायना ग्रास वापरा. ते प्रथिन नाही, त्यामुळे या फळांचं त्याच्यापुढे काही चालत नाही. पपई मी उकळत नाही, उकळलेल्या पपईला काही अर्थ राहत नाही. अननसाला मात्र उकळल्याने उलट चव चढते.

चायना ग्रासचं दुखणं वेगळं. त्याला आंबट सोसत नाही. लिंबू, कोकम, आंबट द्राक्षांचा रस त्याच्याबरोबर उकळलात तर ते नीट जमत नाही, लिबलिबीत राहतं. म्हणून चायना ग्रास नेहमी साध्या पाण्यात उकळायचं आणि आंबट गोष्ट गॅस बंद केल्यावर घालायची.

आता मोसमाप्रमाणे काय घ्यावं ते. जानेवारी-फेब्रुवारी हा जेलीसाठी मुंबईतला सर्वात चांगला काळ: महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी, नागपूरची संत्री आणि नाशिकची द्राक्षं एकाच वेळी बाजारात असतात आणि हवाही साथ देते. उन्हाळ्यात कलिंगड, लिची, ताडगोळे, हापूस. जूनच्या सुमारास जांभळं; बिया काढायचा कंटाळा नसेल तर त्यांच्या रंगासारखा रंग दुसऱ्या कशाला येत नाही. डाळिंब जवळजवळ वर्षभर मिळतं आणि दोन्हीत बिनघोर चालतं.

मोसंबी टाळा. रस काढून थोडा वेळ ठेवला की कडवट होतो, आणि जेलीला तर तासन् तास राहायचं असतं. संत्र्याचा रसही हाताने पिळा. मिक्सरमध्ये बिया आणि पांढरे धागे भरडले गेले तर तोही कडू होतो. चिकूची जेली मला कधीच आवडली नाही, रंग मातकट येतो. केळी आणि सफरचंद काळी पडतात, लिंबू पिळलेल्या पाण्यातून काढून मग घाला.

फळ कुठलंही असो, चिरून झाल्यावर दहा मिनिटं गाळणीत निथळू द्या. कलिंगडाच्या तुकड्यांतून सुटलेलं पाव कप पाणी जेलीचं प्रमाण बिघडवायला पुरेसं असतं.

५. हिवाळ्याची कृती: संत्र्याची जिलेटिन जेली, स्ट्रॉबेरी आणि द्राक्षं घालून

चार-पाच वाट्या होतात.

- जिलेटिन १० ग्रॅम
- भिजवायला पिण्याचं गार पाणी ६० मिली
- साखरेसाठी पाणी १०० मिली
- साखर ४ मोठे चमचे, संत्री आंबट असतील तर एक चमचा जास्त
- गाळलेला संत्र्याचा रस ३५० मिली, फ्रिजमधला असेल तर आधी बाहेर काढून ठेवलेला
- चिरलेली स्ट्रॉबेरी आणि द्राक्षं मिळून दीड वाटी

परदेशी कृतींत एवढ्या रसाला ७ ग्रॅम जिलेटिन सांगतात. त्यांच्या हवेला ते ठीक. इथे १० घ्या, आणि साच्यातून उलटी काढायची असेल तर १२.

एका वाटीत ६० मिली गार पाणी घ्या आणि जिलेटिन त्यावर भुरभुरवा. क्रम महत्त्वाचा आहे: आधी पाणी, मग वरून पूड. पुडीवर पाणी ओतलंत तर बाहेरून ओल्या आणि आतून कोरड्या गाठी होतात आणि त्या पुढे विरघळत नाहीत. पूड एकाच जागी न टाकता सगळीकडे पसरा. दहा मिनिटं हात लावू नका. दाणे पाणी पिऊन फुगतात आणि सगळ्याचा एक जाडसर, अर्धपारदर्शक थर होतो. मध्ये कुठे कोरडी पांढरी जागा दिसली तर तिथे चमचाभर पाणी शिंपडा. हे पाणी पुढे उकळलं जाणार नाही, म्हणून ते फिल्टरचं किंवा उकळून गार केलेलंच घ्या.

पातेल्यात १०० मिली पाणी आणि साखर तापवा. साखर विरघळून वाफा यायला लागल्या की गॅस बंद. मग फुगलेलं जिलेटिन त्यात घाला आणि हलक्या हाताने ढवळा. जिलेटिन घातल्यावर परत गॅस लावून उकळायचं नाही, त्याची ताकद कमी होते. चमचा उचलून उजेडात धरा: मागच्या बाजूला बारीक दाणे चिकटलेले दिसले तर अजून विरघळलेलं नाही. मिश्रण कोमट झालं असेल तर पातेलं गरम पाण्याच्या परातीत ठेवून ढवळत राहा.

आता रस ओता, ढवळा आणि गाळून डब्यात घ्या. रस चुलीवर चढलाच नाही, त्यामुळे ताज्या संत्र्याची चव टिकते. इथे एक चमचा चाखून बघा. गार पदार्थ जिभेला कमी गोड लागतो, म्हणून आत्ता ‘जरा गोडच झालं’ असं वाटायला हवं. आत्ता बरोबर वाटलं तर उद्या फिकं लागेल.

फळं लगेच घालू नका. पातळ मिश्रणात द्राक्षं तळाला जातात आणि स्ट्रॉबेरी वर तरंगते. डबा अर्धा-पाऊण तास फ्रिजमध्ये ठेवा आणि अधूनमधून बघत राहा. मिश्रण एकतारी पाकाएवढं दाट झालं की फळं घालून एकदाच, सावकाश ढवळा. मग ती जिथे आहेत तिथेच राहतात. घाई असेल तर बर्फाच्या पाण्यात डबा ठेवून ढवळा, दहा-पंधरा मिनिटांत तिथवर येतं. पण मग नजर हटवू नका, कडेने एकदम जमायला लागतं.

झाकण लावून किमान चार तास फ्रिजमध्ये, शक्यतो रात्रभर. फ्रीझरमध्ये मुळीच नाही. गोठलेल्या जेलीतलं पाणी बर्फ होऊन वेगळं पडतं आणि बाहेर काढल्यावर ती फाटते.

६. उन्हाळ्याची कृती: शहाळ्याच्या पाण्यात ताडगोळे

माझं मत विचाराल तर मुंबईत करण्यासारखी सर्वात सुंदर जेली ही. साहित्य कोपऱ्यावरच्या शहाळेवाल्याकडे आणि वसई-पालघरहून येणाऱ्या ताडगोळेवाल्यांकडे मिळतं, आणि रंग घालायची गरजच नाही.

- चायना ग्रासची पूड ४ ग्रॅम, किंवा पट्ट्या ५ ग्रॅम (१० ग्रॅमच्या पाकिटातल्या अर्ध्या)
- पाणी २५० मिली
- साखर ३ मोठे चमचे
- शहाळ्याचं पाणी ३०० मिली, फ्रिजमधलं नव्हे
- मीठ चिमूटभर, लिंबाचा रस अर्धा चहाचा चमचा
- ताडगोळे ६ ते ८, शहाळ्यातली कोवळी मलई

शहाळेवाल्याला ‘पातळ मलईवालं’ सांगा. पाणी घरच्या बाटलीत घ्या आणि मलई वेगळी काढून मागा. पाणी त्याच दिवशी वापरा, दुसऱ्या दिवशी त्याला आंबूस वास येतो.

ताडगोळे निवडताना अंगठ्याने हलकेच दाबून बघा. लिबलिबीत हवेत, कडक लागला तर जून झालाय, जेलीत तो खोबऱ्यासारखा टणक लागतो. सोलायला जरा चिकाटी लागते. वरची पिवळसर साल पातळ असते आणि आतल्या गराला घट्ट धरून बसते. नखाने एका टोकाला सुरुवात करा आणि साल ओढू नका, अंगठा सालीखाली सरकवत न्या. थोडा वेळ गार पाण्यात ठेवलेले ताडगोळे सोपे सुटतात. सालीचे तुकडे राहिले तर तुरट लागतात. सोलला की तो इतका स्वच्छ दिसतो की आतलं पाणी हलताना कळतं. चिरताना वाटीवर धरा, म्हणजे आतलं गोड पाणी ओट्यावर जाणार नाही. ते शहाळ्याच्या पाण्यातच मिसळा आणि सगळं मिळून ३०० मिली मोजा.

पट्ट्या असतील तर कात्रीने बारीक कापून अर्धा तास साध्या पाण्यात भिजवा, मग पिळून घ्या. पूड असेल तर पातेल्यातल्या गार पाण्यातच घालून ढवळा. उकळत्या पाण्यात पूड टाकलीत तर गुठळ्या होतील.

२५० मिली पाण्यात चायना ग्रास मध्यम आचेवर उकळा. पुडीला उकळी आल्यावर दोन-तीन मिनिटं पुरतात, पट्ट्यांना आठ-दहा. सतत ढवळा, तळाला लागतं. चमचा वर काढून उलटा धरा: पातळ थरात काचेसारखे धागे दिसले तर अजून शिजायचंय. पूर्ण विरघळल्यावरच साखर आणि मीठ घाला. गॅस बंद करून गाळा.

आता लगेच शहाळ्याचं पाणी ओता. ते फ्रिजमधलं नको असं वर लिहिलंय त्याचं कारण असं: उकळतं मिश्रण आणि घरातल्या हवेइतकं शहाळ्याचं पाणी मिसळलं की सगळं साधारण ५५ अंशांवर येतं, म्हणजे ओतायला, ढवळायला वेळ मिळतो. फ्रिजमधलं पाणी घातलंत तर तेच मिश्रण एकदम ४० अंशांच्या आसपास जातं आणि चायना ग्रास तिथेच जमायला लागतं. मग पाण्यात शेवयांसारखे धागे तरंगतात. शेवटी लिंबाचा रस.

वाट्यांत ताडगोळे आणि मलई आधीच मांडून ठेवा आणि वरून मिश्रण ओता. ताडगोळे आणि मलईही थंडगार नकोत. वर आलेले बुडबुडे चमच्याच्या टोकाने फोडा, नाहीतर तसेच जमतात. ओट्यावरच अर्ध्या-पाऊण तासात जेली जमते. मग फ्रिजमध्ये दीड-दोन तास, फक्त गार होण्यासाठी.

हीच कृती कोकमालाही चालते: शहाळ्याच्या पाण्याऐवजी पाण्यात मिसळलेलं कोकम सरबत. आगळ घेऊ नका, त्यात मीठ असतं. आणि सरबत गॅस बंद केल्यावरच. हापूस करायचा असेल तर रस गाळून, किंचित कोमट करून घाला. रस दाट असतो, म्हणून पाणी आणि रस निम्मेनिम्मे, चायना ग्रास तेवढंच.

७. साच्यातून काढताना

पहिल्यांदा वाटीतच खा, असा माझा आग्रह आहे. उलटी करून काढायचीच असेल तर साच्याला आतून पाण्याचा हात लावून मगच मिश्रण ओता. जिलेटिनचा साचा गरम पाण्यात पाच-सात सेकंद बुडवा, जास्त नाही. ताटली वर ठेवून उलटा करा आणि एक झटका द्या. ताटलीही फ्रिजमध्ये गार केलेली असू द्या. चायना ग्रासला गरम पाण्याचा उपयोग नाही, ते वितळत नाही. बोटाने कड दाबून हवा आत जाऊ द्या की आपोआप सुटतं.

८. बिघडली तर

जेली जमली नाही आणि त्यात वर सांगितलेली ताजी फळं आहेत: ती जिलेटिनची असेल तर वाचणार नाही. सरबत म्हणून प्या.

जमली नाही, पण फळं निर्दोष आहेत: फळं काढून घ्या. जिलेटिनचं मिश्रण गरम पाण्यावर धरून पातळ करा आणि ३ ग्रॅम जिलेटिन वेगळं भिजवून त्यात विरघळवा. चायना ग्रास असेल तर परत खळखळ उकळावं लागेल, बहुधा ते पहिल्यांदा पुरतं उकळलंच नव्हतं. उकळताना दोन चमचे पाणी वाढवा.

रबरासारखी झाली: चायना ग्रास जास्त पडलं. थोडं पाणी घालून परत उकळा आणि परत जमवा.

दुसऱ्या दिवशी चायना ग्रासच्या जेलीखाली पाणी दिसतं: हा त्याचा स्वभाव आहे, बिघाड नाही. साखर अगदी कमी घातली तर जास्त सुटतं. ओतून टाका आणि खा.

अंदाज येईपर्यंत एक सवय लावून घ्या. सगळं ओतण्याआधी चमचाभर मिश्रण स्टीलच्या ताटलीत टाकून फ्रीझरमध्ये ठेवा. चायना ग्रास दोन मिनिटांत निकाल देतं, जिलेटिनला दहा लागतात. बोटाने ढकलून बघा. सुरकुती पडली, आकार टिकला, की पुढे चला.

९. ठेवणं आणि नेणं

फ्रिजमध्ये झाकून दोन दिवस चांगली राहते, तिसऱ्या दिवशी फळं मऊ पडतात. शहाळ्याची मात्र दुसऱ्या दिवसापर्यंत संपवा. बाहेर काढलेली जेली आपल्या उन्हाळ्यात तासाभराच्या वर ठेवू नका, चायना ग्रासची अजून उभी दिसत असली तरी. आकार टिकला म्हणजे आतलं फळ टिकलं असं नाही.

डोंबिवलीहून सीएसएमटीला ऑफिसात न्यायची असेल तर फक्त चायना ग्रास, आणि तीही डब्यात जमवलेली, कापून भरलेली नाही. गर्दीच्या लोकलमध्ये जिलेटिन तासभर तग धरणार नाही. डबा आदल्या रात्रीपासून गार हवा आणि बॅगेत त्याच्याशेजारी गोठवलेली पाण्याची बाटली. पोचल्यावर लगेच तिथल्या फ्रिजमध्ये ठेवा.

घरात पाच वर्षांखालची मुलं असतील तर द्राक्षं उभी चार भागांत चिरा आणि लिचीचे, ताडगोळ्यांचे लहान तुकडे करा. जेली घसरते, आणि तिच्याबरोबर अख्खं द्राक्ष न चावता घशात जाऊ शकतं. त्यांना चमच्याने, बसवून भरवा. खेळता खेळता हातात तुकडा देऊ नका. चायना ग्रासची घट्ट जेली अगदी लहानांना देऊ नका. त्यांच्यासाठी त्याच मिश्रणाची एक वाटी वेगळी काढा आणि त्यात अर्धी वाटी शहाळ्याचं पाणी जास्त घाला. ती पळीवाढी राहते आणि चमच्याने सहज मोडते.